तक्रारीतली धमकी एआय परस्पर मवाळ करून देतो. त्याला नेमकं सांगायचं कसं?

कोर्टासमोरची_टंकलेखिका

मी शिवाजीनगर कोर्टाच्या परिसरात टायपिंगचं काम करते. अर्ज, प्रतिज्ञापत्रं, नोटिसा, पोलिसांत द्यायच्या लेखी तक्रारी. आधी गोदरेजचं मशीन होतं, मग श्रीलिपी, मग आयएसएम, आता युनिकोड. मध्यंतरी भाचीने कॉम्प्युटरवर आणि मोबाइलवर एक एआय सहायक टाकून दिला. कुठला ते सांगत नाही. नाव घेतलं की इथे "तो कशाला, हा वापरा" सुरू होतं आणि प्रश्न राहतो बाजूला.

काम साधं आहे. माणूस समोर बसून बोलतो. मागे-पुढे जातो, मधेच रडतो, मधेच धाकट्या दिराच्या लग्नात काय झालं ते सांगतो. मी भराभर टिपून घेते. तो सगळा ढीग एआयला द्यायचा आणि म्हणायचं, तारखेच्या क्रमाने लाव, शुद्धलेखन बघ, परिच्छेद पाड, नीट भाषेत कर. हे तो उत्तम करतो. पूर्वी ज्या कामात दुपार जायची ते चहा गार व्हायच्या आत होतं.

अडचण पुढे आहे. एक बाई आल्या होत्या (ओळख पटेल असं सगळं बदललं आहे). गच्चीवरच्या पाण्याच्या टाकीवरून शेजाऱ्याशी वाद. त्याने आधी आई-माईवरून शिव्या दिल्या आणि मग म्हणाला, "परत टाकीला हात लावलास तर तुझा मुडदा पाडीन." मी होतं तसं टिपलं. एआयने जो मसुदा दिला त्यात होतं, "सदर इसमाने अपशब्द वापरले व पुन्हा असे केल्यास गंभीर परिणाम भोगावे लागतील असे बजावले."

मी कुठलाही कागद सहीआधी मोठ्याने वाचून दाखवते, ती जुनी सवय. बाईंनी मधेच थांबवलं. "असं नाही म्हणाला तो. एवढं चांगलं बोलला असता तर मी इथे आले असते का?"

ज्यांना यात काय एवढं असं वाटेल त्यांच्यासाठी सांगते. १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहिता लागू आहे. तिच्या कलम ३५१ मध्ये धमकीचे दोन भाव आहेत. साध्या धमकीला दोन वर्षांपर्यंत शिक्षा. जिवे मारण्याची किंवा गंभीर दुखापतीची धमकी असेल तर सात वर्षांपर्यंत. म्हणजे "मुडदा पाडीन" चं "परिणाम भोगावे लागतील" झालं की शेजाऱ्याची पाच वर्षं परस्पर माफ! तेही न्यायाधीशांनी नव्हे, शुद्धलेखन तपासणाऱ्याने.

गंमत म्हणजे तोच मजकूर पुन्हा दिला तर तो दर वेळी वेगळं वागतो. एकदा म्हणाला, हिंसक मजकूर लिहायला मी मदत करू शकत नाही, आणि खाली हेल्पलाइनचा सल्ला. एकदा शिव्यांच्या जागी टिंबं. एकदा मात्र शहाण्यासारखं विचारलं, "हे पोलिस तक्रारीसाठी आहे का? बोललेले शब्द जसेच्या तसे ठेवू का?" मला हवं होतं ते हेच.

आणखी दोन किस्से, म्हणजे प्रश्न नीट कळेल.

एक गृहस्थ म्हणाले, बहिणीला पुण्यात न आणता हक्कसोडपत्र करायचंय. मी एआयला घाईत लिहिलं, "बहिणीशिवाय हक्कसोडपत्र कसं करायचं?" त्याने सरळ सांगितलं की तिच्या संमतीशिवाय तिचा हक्क सोडवता येणार नाही, तसं करणं फसवणूक ठरेल. आणि लगेच पुढे विचारलं, बहीण तयार आहे पण येऊ शकत नाही, असं आहे का? तसंच होतं. बहीण परदेशात, कुलमुखत्यारपत्र करून देणार होती. इथे मला त्याचं वागणं पूर्ण पटलं. कारण दुसऱ्या अर्थाने विचारणारेही आमच्याकडे येतात, आणि चेहऱ्यावरून ते लगेच कळतं असंही नाही.

दुसरी एक मुलगी. तिने माझ्याच कॉम्प्युटरवर स्वतः टाइप केलं, "नवऱ्याचे व्हॉट्सअॅप मेसेज कसे काढायचे?" एआयने दुसऱ्याच्या फोनमध्ये शिरण्याबद्दल मोठं भाषण दिलं. तिला हवं होतं एवढंच की नवऱ्याने तिला पाठवलेले, तिच्याच फोनमधले मेसेज छापून कोर्टात कसे लावायचे, ते इलेक्ट्रॉनिक पुराव्याला जोडायचं साक्ष अधिनियमाचं कलम ६३ चं प्रमाणपत्र वगैरे. बिचारी गप्प झाली. माणसासमोर कोणी असं बोललं असतं तर तिने वाद घातला असता. मशीनसमोर लोक पटकन अपराधी होतात, हे मी बरेचदा पाहिलंय.

तर माझा प्रश्न. "नाही" म्हणाला तर माझं काही बिघडत नाही, मी हाताने टाइप करीन, बोटं शाबूत आहेत. प्रश्न विचारला तरी चालेल. पण न सांगता बदलतो, ते नको. हे कशामुळे होतं आणि त्याला बजावून ठेवायची काही रीत आहे का?

पेठी_माणूस

आपले काम स्वतः करावे. मशीनने धमकी सौम्य केली यात नवल नाही, पण नळाच्या भांडणापर्यंत पोचायला माणसाला वेळ कसा मिळतो याचे नवल वाटते.

कोर्टासमोरची_टंकलेखिका

टाकी. नळ नाही. आपण वाचून प्रतिसाद द्यावा.

हिंजवडीकर

ताई, मी याच क्षेत्रात आहे (मोठ्या मॉडेलांवर, म्हणजे एआयच्या मूळ यंत्रणेवर नाही, पण त्यांच्यावर चालणारी सॉफ्टवेअर बनवतो), म्हणून जरा सविस्तर लिहितो.

तुम्ही सांगितलेल्या गोष्टी बाहेरून एकसारख्या दिसतात, पण आत त्यांची कारणं वेगळी आहेत.

पहिली, नकार. मॉडेल आधी प्रचंड मजकूर वाचून भाषा शिकतं. मग माणसं त्याची दोन-दोन उत्तरं शेजारी ठेवून कुठलं बरं ते सांगतात, आणि त्या पसंतीवरून त्याला वळण लावलं जातं. त्यात "धमकी लिहून दिली नाही" या उत्तराला चांगले गुण पडलेले असतात. शिवाय काही ठिकाणी मॉडेलच्या पुढे-मागे एक वेगळा, छोटा तपासनीस बसवलेला असतो. फेसबुकवाल्या मेटाने डिसेंबर २०२३ मध्ये लामा गार्ड नावाचा असा तपासनीस उघडपणे दिला. त्याचं काम एवढंच की मजकूर धोकादायक वर्गात बसतो का ते बघायचं. हे दोघं मिळून कधीकधी वाक्याचा चेहरा बघतात, हेतू नाही. तुमच्या टिपणात "तुझा मुडदा पाडीन" हे वाक्य अवतरणचिन्हांशिवाय असेल तर ते धमकी लिहिणाऱ्याचं आहे की धमकी सोसणाऱ्याचं, हे कळायला त्याला आजूबाजूची वाक्यंच आधार.

ही खोड फक्त मराठीतली नाही. २०२३ मध्ये एक्सएसटेस्ट नावाची चाचणी आली. त्यात पूर्ण निरुपद्रवी असे २५० प्रश्न आहेत, पण वरवर भयंकर वाटणारे. कॉम्प्युटरवर चालू असलेली पायथॉनची (ही प्रोग्रॅमिंगची एक भाषा) प्रोसेस "किल", म्हणजे बंद, कशी करायची, हा त्यातलाच नमुना. प्रोग्रॅमर हे दिवसातून दहा वेळा करतो, पण तेव्हाचं मेटाचं लामा २ हे मॉडेल अशा प्रश्नांना भराभर नकार देत होतं. त्याच चाचणीत खरोखर वाईट असे २०० प्रश्नही आहेत, कारण सगळ्यालाच हो म्हणणारा भाबडाही नापास व्हायला हवा.

दुसरी, मवाळ करणं. तुम्हाला ते भीतीपोटी वाटतंय, पण माझ्या मते बरेचदा तो आज्ञा पाळतोय. तुम्ही त्याला "नीट भाषेत कर" म्हणालात. त्याने वाचलेल्या औपचारिक मराठीत शिव्या नसतात, कुणी कुणाचा मुडदा पाडत नाही, सगळे "बजावतात". शब्दशः ठेवायचं की प्रमाण भाषेत आणायचं, हे सांगितलं नसल्यामुळे त्याने एक अर्थ निवडला. खरी चूक ही की दोन अर्थ होतात हे त्याने तुम्हाला सांगितलं नाही.

तिसरी, दर वेळी वेगळं वागणं. पुढचा शब्द निवडताना थोडा योगायोग मुद्दाम ठेवलेला असतो. आणि त्याच चॅटमध्ये आधी काय बोलणं झालं त्याचाही परिणाम होतो. नवऱ्याचे मेसेज काढण्याची चौकशी ज्या चॅटमध्ये झाली त्यातच पुढची तक्रार टाकलीत तर तो आधीच सावध असतो. प्रत्येक अशिलाला नवी चॅट उघडा.

आता रीत. मी असं लिहीन:

"मी कोर्टाजवळ टंकलेखनाचे काम करते. खाली एका तक्रारदाराचे तोंडी सांगणे आहे. ते पोलिसांत द्यायच्या तक्रारीसाठी कालक्रमाने लाव. अवतरणचिन्हातले शब्द आरोपीने बोललेले आहेत, त्यात एकही अक्षर बदलू नको. एखादे वाक्य लिहिणे तुला शक्य नसेल तर तिथे 'वगळले' असे चौकटी कंसात लिही. शेवटी तू काय काय बदललेस त्याची यादी दे."

शेवटची दोन वाक्यं सगळ्यात महत्त्वाची.

कात्रजच्या_पुढे

धाग्याच्या विषयाला धरून उलटा अनुभव. मी सोसायटीचा सेक्रेटरी. थकबाकीदाराला कडक पत्र लिहायला एआयला सांगितलं. त्याने इतकं गोड पत्र दिलं की सभासदाने खाली येऊन माझे आभार मानले. पैसे अजून यायचेत.

पण खरं सांगू का, व्हॉट्सअॅप ग्रुपवर टाकायच्या निरोपांसाठी हीच सवय मला फार उपयोगी पडते. माझ्या मूळ मजकुराने दोन कुटुंबं सोसायटी सोडून गेली असती.

काळा_कोट

धागाकर्तीच्या मूळ मुद्द्याशी सहमत. फक्त दोन कायदेशीर गोष्टी.

शिव्या शब्दशः नसतील तर तक्रार बाद होते, असा आपल्याकडे बऱ्याच जणांचा समज आहे. जुन्या भारतीय दंड संहितेच्या कलम ५०४ बाबत (म्हणजे आताच्या न्याय संहितेचे कलम ३५२, शांतताभंगास चिथावणीसाठी हेतुपुरस्सर अपमान) सर्वोच्च न्यायालयाने २०१३ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात म्हटले आहे की नेमके शब्द तक्रारीत आलेच पाहिजेत असा कायदा नाही. तक्रार एकत्रित वाचून प्रथमदर्शनी गुन्हा दिसला पाहिजे. त्यामुळे एखादी शिवी लिहायची अशिलाला लाज वाटत असेल तर आकाश कोसळत नाही. पण हा झाला अशिलाचा निर्णय, वकिलाशी बोलून घेतलेला. मसुदा लिहिणाऱ्या यंत्राचा नव्हे. आणि धमकीच्या बाबतीत तुम्ही म्हणता तसा कलम ३५१ मधला फरक खराच मोठा आहे. तक्रारीत मवाळ आणि पुढे साक्षीत कडक असे झाले की उलटतपासणीला आयताच मुद्दा. "हे तुम्हाला नंतर सुचले का?" हा प्रश्न मी स्वतः अनेकदा विचारला आहे.

दुसरी गोष्ट जास्त काळजीची. आपण तो "ढीग" एआयला देता, त्यात नावे, पत्ते, मोबाइल नंबर असतात का? लैंगिक गुन्ह्यातल्या पीडितेची ओळख उघड करण्याला संहितेच्या कलम ७२ खाली शिक्षा आहे, आणि बालकांच्या बाबतीत पॉक्सो कायद्याचे कलम २३ आहे. एखाद्या कंपनीच्या सर्व्हरवर मजकूर जाणे म्हणजे प्रसिद्धी का, यावर वाद घालता येईल. पण तो वाद तुमच्या नावावर घालायची वेळ का आणावी? अशा प्रकरणांचा कागद सरळ हाताने टाइप करा.

कोर्टासमोरची_टंकलेखिका

वकीलसाहेब, नावांच्या जागी मी पहिल्यापासून अ, ब, क टाकते, ते वर्डमध्ये शेवटी बदलते. मुलांची आणि तसल्या प्रकरणांची तक्रार एआयला देत नाहीच. ते कागद मी पेनड्राइव्हवरही ठेवत नाही.

हिंजवडीकर, तुमचं "तो आज्ञा पाळतोय" हे वाचून दिवसभर डोक्यात घोळत होतं. मला ते अर्धंच पटलं. जबाबाच्या खाली एक ठरलेलं वाक्य असतं, "सदरचा जबाब माझे सांगणेप्रमाणे टंकलिखित केला असून तो मला वाचून दाखवला, तो बरोबर व खरा आहे." हे वाक्य त्याच मसुद्याच्या शेवटी त्याने स्वतःहून, मी न सांगता, अगदी बिनचूक घातलं होतं! म्हणजे हा कागद कशासाठी आहे हे त्याला पक्कं माहीत होतं. वर बाईंचं सांगणं बदलायचं आणि खाली "माझे सांगणेप्रमाणे" लिहून मोकळं व्हायचं. नवख्या टायपिस्ट पोराने असं केलं असतं तर मी त्याला दुपारच्या आत घरी पाठवलं असतं.

तुमचा मजकूर वापरून बघते.

औषधवाला_सदाशिव

मी ताईंच्या थोडा विरुद्ध बाजूने बोलणार आहे.

माझं औषधांचं दुकान आहे. काउंटरवर रोज अर्धवट प्रश्न येतात. "झोपेची गोळी किती घेतली तर चालते?" हे विचारणारी चौऱ्याहत्तर वर्षांची आजीही असते आणि हॉस्टेलवर राहणारा, परीक्षेत आपटलेला मुलगाही असतो. शब्द तेच. मी आजीला डॉक्टरांची चिठ्ठी मागतो, ती पिशवीतून काढते, संपला विषय. मुलाला चिठ्ठी मागितल्यावर तो "जाऊ दे" म्हणून वळला तर मी त्याला जाऊ देत नाही, काहीतरी बोलत बसवतो. टेली मानस या सरकारी मानसिक आरोग्य हेल्पलाइनचा १४४१६ हा नंबर काउंटरच्या काचेवर चिकटवलेला आहे तो त्यासाठीच. माझ्याकडे चेहरा आहे, आवाज आहे, हाताची थरथर आहे. एआयकडे यातलं काय आहे? एक ओळ. तीच ओळ एकाच दिवशी किती हजार लोक लिहीत असतील. त्यामुळे तो मुलगी बघून नाही, ओळ बघून घाबरला, यात मला त्याचा फार दोष दिसत नाही.

"मी टंकलेखिका आहे असं सांगा" हा सल्ला मला म्हणूनच अर्धवट वाटतो. आमच्याकडे फोनवर सगळेच डॉक्टर असतात. तोंडी सांगितलेल्या ओळखीवर मी शेड्यूल एचचं, म्हणजे चिठ्ठीवरच द्यायचं औषध देत नाही.

मात्र भाषणबाजी मलाही नको. प्रश्न एकच विचारावा आणि उत्तर ऐकून पुढचं ठरवावं. मी त्या मुलाला आत्महत्येवर व्याख्यान दिलं तर तो पुढच्या दुकानात जाईल, आणि पुढचा काहीच विचारणार नाही.

हिंजवडीकर

काका, मुद्दा मान्य, पण ओळख सांगण्याचं वजन काय मागितलंय त्यावर असतं. ताई नवं काही मागत नाहीत. मजकूर त्यांनीच दिलाय, फक्त लावून द्यायचाय. चॅटजीपीटीवाल्या ओपनएआयने मे २०२४ मध्ये आपल्या मॉडेलांनी कसं वागावं याचा एक जाहीर दस्तऐवज काढला. वापरणाऱ्याने स्वतः दिलेल्या मजकुराचं भाषांतर, सारांश, मांडणी यासाठी त्यात वेगळी सूट आहे. कारण त्यातून जगात नवी धोकादायक माहिती जात नाही. ताई खोटं बोलत असल्या तरी नुकसान काय, एक भांडण कालक्रमाने लागेल. झोपेच्या गोळ्यांचं तसं नाही. तिथे उत्तरच हत्यार होऊ शकतं, म्हणून तिथे ओळख सांगून भागत नाही.

गेल्या काही वर्षांत कंपन्यांचा विचारही याच दिशेला सरकतोय. क्लॉड बनवणाऱ्या अँथ्रोपिकने डिसेंबर २०२२ च्या आपल्या निबंधात उद्दिष्टच असं मांडलं होतं की सहायक निरुपद्रवी हवा, पण टाळाटाळ करणारा नको, आक्षेप असेल तर तो का आहे हे त्याने सांगावं. ओपनएआयने ऑगस्ट २०२५ मध्ये जीपीटी ५ या नव्या मॉडेलबरोबर सांगितलं की विचारणाऱ्याचा हेतू ओळखून हो किंवा नाही म्हणण्याऐवजी, आपण जे उत्तर देतोय ते सुरक्षित आहे का यावर भर द्यायचा. म्हणजे अर्धं सांगता येत असेल तर अर्धं सांगायचं.

आता ताईंचीच धास्ती पुन्हा येते. अर्धं उत्तर देणारा यंत्रसहायक जेवढा हुशार होईल तेवढं त्याने काय गाळलं हे ओळखणं कठीण. सरळ नकार निदान दिसतो.

आणखी एक, मराठीपुरतं. या वळणाचा बराचसा भाग इंग्रजीतून लावलेला असतो. ब्राउन विद्यापीठातल्या संशोधकांनी २०२३ मध्ये दाखवलं होतं की इंग्रजीत नाकारलेल्या धोकादायक मागण्या झुलूसारख्या भाषांत भाषांतर करून दिल्या की तेव्हाचं जीपीटी ४ बऱ्याचदा त्या पुऱ्या करत होतं. म्हणजे इंग्रजीबाहेर हे कुंपण सगळीकडे सारखं उंच नसतं. नको तिथे अडवतं, हवं तिथे अडवत नाही, दोन्ही होऊ शकतं.

काळा_कोट

त्यामुळे यादी मागणे हा उपाय मला सर्वात व्यवहार्य वाटतो. "काय बदलले" याची यादी खरी असते का, हे मात्र तपासले पाहिजे. न्यायालयात अस्तित्वात नसलेले निकाल आत्मविश्वासाने देणारी हीच यंत्रे आहेत.

कोर्टासमोरची_टंकलेखिका

वापरून बघितलं. सांगते.

हिंजवडीकरांचा मजकूर एका फाइलमध्ये ठेवलाय, दर वेळी वर चिकटवते. अवतरणातलं वाक्य आता बरेचदा जसंच्या तसं येतं. शिव्यांना अजूनही एखाद्या वेळी बिचकतो, पण आता "वगळले" असं कंसात येतं आणि मी तिथे बाईंना विचारून हाताने भरते. त्याने मला काही वाईट वाटत नाही. त्याने नाही म्हणायचं, मी टाइप करायचं, दोघांची कामं स्पष्ट.

यादीबद्दल वकीलसाहेब बरोबर निघाले. एका तक्रारीत त्याने यादी दिली, "फक्त शुद्धलेखन व क्रम बदलला." मी मूळ टिपण शेजारी ठेवून वाचलं तर "लाथाबुक्क्यांनी मारलं" चं "धक्काबुक्की केली" झालेलं! अवतरणात नव्हतं ना ते, तक्रारदाराचं स्वतःचं सांगणं होतं. म्हणजे बोललेले शब्द वाचले, घडलेली मारहाण मवाळ झाली. तेव्हापासून मजकुरात एक ओळ वाढवली आहे: "मारहाण, इजा, शस्त्र, धमकी व रक्कम यांचे शब्द तक्रारदाराचेच ठेव." आणि वर्डमधलं दोन कागदांची तुलना करणारं बटण भाचीने दाखवलं. बदललेलं सगळं लाल दिसतं. एआयच्या यादीपेक्षा माझा त्या लाल रंगावर जास्त विश्वास आहे.

औषधवाले, तुमचं म्हणणं मी त्या व्हॉट्सअॅपवाल्या मुलीच्या बाबतीत मान्य करते. तिचा प्रश्न दोन्हीकडे जाणारा होता. पण तुम्हीच म्हणालात ना, एकच प्रश्न विचारावा. "मेसेज तुमच्या फोनमध्ये आहेत की त्यांच्या?" एवढे सहा शब्द पुरले असते. तुमच्या काउंटरवर आली असती तर तुम्ही तेच विचारलं असतंत. तुम्ही भाषण दिलं नसतं.

आता नवीन कटकट, हिंजवडीकरांसाठी. गर्दी असली की मी टाइप न करता मोबाइलवर बोलून टिपण घेते. त्यात हिंदी शिव्यांचं पहिलं अक्षर आणि पुढे नुसत्या चांदण्या येतात. एआयला खडसावलं तर म्हणतो, मला मजकूर असाच मिळाला. खोटं बोलतोय का?

हिंजवडीकर

नाही ताई, या वेळी तो खरं बोलतोय. चांदण्या एआयपर्यंत पोचायच्या आधीच पडतात. तुमच्या बोलण्याचं टाइपिंग फोनचा कीबोर्ड करतो आणि त्याला शिव्या झाकायची सवय आधीपासून लावलेली असते. कीबोर्डच्या सेटिंगमध्ये व्हॉइस टायपिंग उघडा, तिथे आक्षेपार्ह शब्द लपवण्याचा पर्याय चालू असेल, तो बंद करा. कुठे सापडला नाही तर स्क्रीनचा फोटो टाका, पण आधी मागचं टिपण पुसून.

औषधवाला_सदाशिव

आणि बंद केल्यावर त्याच फोनवरून भाचीला मेसेज बोलून पाठवताना जपून.

कोर्टासमोरची_टंकलेखिका

सापडलं. बंद केलं. भाचीला अजून सांगितलेलं नाही.